रॉबर्ट पूर : एका सैनिक-खेळाडूच्या चरित्रातील दुभंग

व्हिक्टोरियाकालीन इंग्लंडात क्रिकेट खेळणारे लष्करी अधिकारी पुष्कळ होऊन गेले. त्यांच्या चरित्रांना ‘सैनिक-खेळाडू’ हा सामासिक शब्द सर्रास लावला जातो; परंतु या समासातील दोन पदांचा परस्परसंबंध कोणता, याचा विचार क्वचितच झालेला आढळतो. बहुतेक चरित्रकार हा समास द्वंद्व समजून चालतात : सैनिक आणि खेळाडू. एका प्रकरणात पलटण, दुसऱ्या प्रकरणात मैदान, अशी त्यांची मांडणी असते. मेजर रॉबर्ट मॉन्टॅगू पूर (१८६६–१९३८) याचे चरित्र या मांडणीची मर्यादा स्पष्ट करणारे आहे.

क्रिकेटच्या इतिहासात पूरचे नाव टिकले ते मुख्यतः १८९९ च्या एका उन्हाळ्यामुळे. १२ जून ते १२ ऑगस्ट या दोन महिन्यांत हॅम्पशर परगण्याच्या संघाकडून त्याने १६ डावांत १,३९९ धावा काढल्या. त्यांत सात शतके होती. संपूर्ण हंगामातील त्याची सरासरी ९१.२३ होती, आणि हा उच्चांक १९३० साली ब्रॅडमनने मोडीपर्यंत अबाधित राहिला. टाँटन येथे सॉमरसेटविरुद्ध त्याने ३०४ धावा केल्या. हे आकडे इतके विलक्षण आहेत, की त्यांच्यापुढे चरित्रकाराची जिज्ञासाच थांबते आणि तेहतीस वर्षांच्या एका अधिकाऱ्याचा हा पराक्रम चमत्काराच्या सदरात जमा होतो.

परंतु या चमत्काराला पूर्वपीठिका आहे, आणि ती लष्करी आहे. पूरच्या फलंदाजीची खरी घडण झाली ती हिंदुस्थानात. सातव्या हुसार्स या घोडदळाच्या पलटणीतील हा अधिकारी मुंबईचा गव्हर्नर लॉर्ड हॅरिस याचा ए. डी. सी. होता. हॅरिस (गव्हर्नर १८९०–९५) हा स्वतः इंग्लंडच्या संघाचा माजी कर्णधार. अशा गव्हर्नरच्या पदरी असणाऱ्या अधिकाऱ्याला क्रिकेट हे रजेतले मनोरंजन नव्हते, तर जवळजवळ सेवेचाच भाग होता. युरोपियनांच्या संघातून तो पारशांविरुद्ध खेळला. त्याच काळात मुंबईच्या परेड मैदानावर युरोपियनांच्या पोलोमुळे खेळपट्टी उखडते, ही एतद्देशीय खेळाडूंची तक्रार धसास लागत होती. शापूरजी सोराबजी यांनी १८९७ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात तिचा वृत्तांत दिला आहे. मोकळा वेळ, घोडे, मैदान आणि सराव यांची जी मुबलकता पूरच्या वाट्याला आली, तिची दुसरी बाजू या ग्रंथात दिसते. पूरच्या चरित्रात मात्र ती सहसा उल्लेखिली जात नाही.

पुढे पलटण दक्षिण आफ्रिकेत गेली आणि पूर १८९६ साली त्या देशाकडून इंग्लंडविरुद्ध तीन कसोटी सामने खेळला. पोर्ट एलिझाबेथ येथे लोहमनने ७ धावांत ८ गडी बाद केले व दक्षिण आफ्रिकेचा दुसरा डाव ३० धावांत आटोपला. त्यांत पूरच्या १० धावा सर्वाधिक होत्या. त्याच वर्षी सातव्या हुसार्सना माताबेलेंच्या उठावाविरुद्ध कामगिरीवर जावे लागले. तो कोणत्या देशाकडून खेळणार, हे त्याच्या पलटणीच्या छावणीने ठरविले होते. राष्ट्रीय संघ या कल्पनेचा अर्थ त्या काळी किती सैल होता, हेही यावरून ध्यानात येते.

१८९९ चा हंगामही याला अपवाद नाही. ऑल्डरशॉटची मोठी लष्करी छावणी हॅम्पशरमध्येच असल्याने या संघाला अधिकारी-खेळाडू लाभत. टाँटनच्या डावात पूरबरोबर सहाव्या गड्यासाठी ४११ धावांची भागी करणारा एडवर्ड विन्यार्ड हादेखील कॅप्टन होता. ऑक्टोबर १८९९ मध्ये बोअर युद्ध सुरू झाले. १९०० सालच्या परगणा-स्पर्धेत हॅम्पशरला एकही सामना जिंकता आला नाही व तो शेवटच्या क्रमांकावर राहिला. छावणीने जे दिले होते, ते युद्धाने परत नेले.

या युद्धात पूर प्रोव्होस्ट मार्शल होता; म्हणजे लष्करी शिस्त, कैद्यांचा बंदोबस्त आणि शिक्षांची अंमलबजावणी हे त्याचे क्षेत्र. ब्रिटिश गणवेशात सापडलेल्या बोअरांविषयी किचनरने काढलेल्या कडक आदेशाची नोंद त्याच्या दैनंदिनीत आहे. बोअर कैद्यांच्या हत्येबद्दल मोरांट व हँडकॉक यांना २७ फेब्रुवारी १९०२ रोजी प्रिटोरिया येथे गोळ्या घालण्यात आल्या. त्या खटल्याचे अभ्यासक पूरच्या दैनंदिनीचा आधार घेतात. येथे दुभंग पूर्ण होतो. युद्धाच्या इतिहासकाराला पूर हा एक साक्षीदार आहे, त्याच्या फलंदाजीशी त्याला कर्तव्य नाही. क्रिकेटच्या इतिहासकाराला तो ९१.२३ आहे, आणि दैनंदिनीशी त्याला कर्तव्य नाही.

यावर असा आक्षेप संभवतो, की खेळाचे मूल्यमापन खेळाच्याच निकषांवर व्हावे. तो अंशतः मान्य करावयास हवा. साम्राज्याने पूरला मैदान दिले, तीनशे धावा दिल्या नाहीत. तशी संधी शेकडो अधिकाऱ्यांना होती, आणि ते आकडे पूर एकट्याचेच आहेत. तथापि मूल्यमापन आणि चरित्र या दोन भिन्न गोष्टी होत. डावाचे मूल्यमापन धावपत्रिकेवरून करता येते. चरित्राला तो माणूस त्या खेळपट्टीपर्यंत कसा पोहोचला आणि तेथून कोठे गेला, हे सांगावेच लागते.

म्हणून ‘सैनिक-खेळाडू’ हा समास द्वंद्व न मानता कर्मधारय मानणे अधिक युक्त ठरेल : सैनिक असा खेळाडू. ज्या हाताने टाँटनची खेळी केली, त्याच हाताने प्रिटोरियाची दैनंदिनी लिहिली. हे दोन्ही एका प्रकरणात आणणारे चरित्रच पूरला न्याय देईल. आणि गणेशखिंड व परेड मैदान यांचा इतिहास लिहू पाहणाऱ्या मराठी अभ्यासकालाही त्याचा उपयोग होईल.