शौर्य आणि सेनापत्य : महावीर चक्राच्या निकषाची नैतिक चिकित्सा

जनरल अरुणकुमार वैद्य यांच्याविषयीचे मराठी लेखन बहुतांशी गौरवपर आहे. १९६५ व १९७१ अशा दोन युद्धांत महावीर चक्र मिळविणाऱ्या सेनानीविषयी अभिमान वाटणे स्वाभाविकच. परंतु त्या पदकाने नेमके कशाचे मोल केले, हा प्रश्न त्या अभिमानात हरवतो.

महावीर चक्र शत्रूसमोर गाजविलेल्या शौर्यासाठी असते. त्याचा निकष कृतीचा आहे. हुद्द्याचा वा जयापजयाचा नाही. सप्टेंबर १९६५ मधील असल उत्तरच्या रणगाडा-युद्धात हा निकष कसा ताणला गेला, हे पाहण्याजोगे आहे. ‘डेक्कन हॉर्स’चे लेफ्टनंट कर्नल वैद्य यांना महावीर चक्र मिळाले, ब्रिगेडियर थिओगराज यांनाही तेच आणि चौथ्या माउंटन डिव्हिजनचे मेजर जनरल गुरबक्षसिंग यांनाही तेच. वैद्य आपल्या शर्मन रणगाड्यांसमवेत रणांगणावर होते. डिव्हिजनच्या सेनापतीचे कार्य निराळे. आरंभीच्या माघारीनंतर कोठे पाय रोवायचे, हे त्याने ठरवायचे होते. नालाकृती व्यूह, पाणी सोडलेली उसाची शेते आणि त्यांत रुतलेले पॅटन रणगाडे यांतून त्या निर्णयाची थोरवी दिसते. व्यक्तिगत धैर्य त्यातही असेलच. तथापि गौरव मुख्यतः विवेकाचा झाला आणि त्याला नाव शौर्याचे मिळाले.

याच रणभूमीवर हवालदार अब्दुल हमीद यांना मरणोत्तर परमवीर चक्र लाभले. लढाई हरली असती तरी हमीद यांच्या कृतीचे मोल तसूभरही घटले नसते. सेनापतीविषयी असे म्हणता येईल काय? त्याचा सन्मान निकालाशी बांधलेला असतो आणि त्या निकालाची किंमत इतरांनी मोजलेली असते. दोघांना एकाच मापाने तोलले की इतरांचे मरण सेनापतीच्या खाती जमा होते.

१९७१ च्या विजयानंतर माणेकशा यांना पद्मविभूषण व अरोरा यांना पद्मभूषण मिळाले. येथे हा भेद काहीसा राखला गेला. मात्र नागरी सन्मानाने दुसरी गुंतागुंत निर्माण होते. वैद्य यांनाही पद्मविभूषण लाभले. पण १९८४ च्या सुवर्णमंदिरातील कारवाईच्या वेळी ते लष्करप्रमुख होते आणि त्यामुळेच १० ऑगस्ट १९८६ रोजी पुण्यात त्यांची हत्या झाली. चरित्रलेखक ही सारी पदके एका ओळीत मोजतात. तेव्हा असल उत्तरचे शौर्य १९८४ च्या निर्णयाला नकळत निर्दोषत्वाचा दाखला देऊन जाते. त्या निर्णयाची चिकित्सा स्वतंत्रपणेच व्हावयास हवी.

१९८० मध्ये युद्ध सेवा पदकांची श्रेणी स्थापन झाल्याने युद्धकालीन नेतृत्वाला स्वतंत्र स्थान मिळाले, हे स्वागतार्ह आहे. परंतु शिफारशी अधिकारश्रेणीतूनच वर चढतात. आणि सेनापतीच्या निर्णयात किती जीव गेले, त्यांतील किती टाळता आले असते, हे विचारण्याची सोय नव्या श्रेणीच्या निकषातही नाही.