कोकासाचे शिखर

विजयनगरात एखाद्या नव्या इमारतीचा पाया खणला जात असताना आपण कधी थांबून पाहिले, तर वरच्या काळ्या मातीखाली मुरूम आणि मुरमाखाली काळा पत्थर लागलेला दिसतो. हा पत्थर ज्वालामुखीचा आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्ह्याचे थरांवर थर साचले आणि त्यांतून माळव्याची व महाराष्ट्राची पुष्कळशी भूमी घडली. वेरूळचा डोंगर याच पत्थराचा. इंदूरच्या मराठी माणसाला वेरूळ तसे परके नाही. तेथील घृष्णेश्वराच्या देवळाचा जीर्णोद्धार अहिल्याबाई होळकरांनीच केला. या डोंगरातल्या कैलास लेण्याविषयी जुन्या मराठीत एक कथा आहे. इतिहासाचे साधन म्हणून तिची दखल घेतली गेली आहे. कथा म्हणून ती काय सांगते, हे पाहावे असे आम्हांस वाटले.

कृष्ण याज्ञवल्कीच्या ‘कथाकल्पतरू’ या ओवीबद्ध ग्रंथातील ही कथा. आळजपूरच्या राजाला असाध्य व्याधी जडलेली असते. राजा बरा झाला तर शिवाचे देऊळ बांधीन, असा नवस राणी माणकावती करते. म्हैसमाळच्या तीर्थात स्नान करून राजा बरा होतो आणि मग राणी हट्टास पेटते: देवळाचे शिखर दृष्टीस पडेपर्यंत अन्नाला शिवणार नाही. कारागीर हात टेकतात, कारण पायापासून शिखरापर्यंत पोचायला वर्षे लागतात आणि तोवर राणी जगणार कशी? अशा वेळी पैठणचा कोकास नावाचा स्थपती पुढे येतो आणि आठवड्याभरात शिखर दाखवतो. तो काम वरून सुरू करतो.

कथेचे सारे मर्म या एका वाक्यात आहे. कोकासाजवळ मंत्र नाही, सिद्धी नाही, वश केलेले वेताळही नाहीत. राणीने अट घातली ती शिखर दिसण्याची. देऊळ पुरे होण्याची नव्हे. एवढा भेद ज्याच्या ध्यानात आला तो कोकास. बाकीचे कारागीर देऊळ ‘बांधायचे’ म्हणून चिंतेत पडले होते, याने ते ‘कोरायचे’ ठरवले. आता कैलास लेणे पाहा. डोंगरात तीन बाजूंनी खोल चर खणून मधला खडक सुटा केला आहे आणि तो वरून खाली कोरीत आणला आहे. मागचा कडा सुमारे शंभर फूट उंच आहे. अशा कामाला परात लागत नाही, कारण न कोरलेला खडक हाच कारागिराच्या पायाखालचा आधार असतो. मात्र चूक झाली तर दगड बदलता येत नाही. लेणे राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या काळचे, म्हणजे आठव्या शतकाच्या उत्तरार्धातले, आणि ग्रंथ त्याच्यानंतर सातएकशे वर्षांनी लिहिलेला. एवढ्या अंतरानंतर राजाचे नाव, कुळ, काळ सारे पुसले गेले होते. कामाची रीत तेवढी कथेने बिनचूक जपली. हे आम्हांला थोडेथोडके वाटत नाही.

पण याच कथेत एक खोटही आहे. ‘आठवड्याभरात’ हा शब्द कवीच्या सोयीचा आहे. उपासाला मुदत हवी म्हणून तो आला. शिखराचा आकार तेवढ्यात दिसू लागला असेल असे घटकाभर मानले, तरी खालचे सभामंडप, हत्तींचे जोते, रामायण-महाभारताचे पट यांचे काय? शिखर दिसले, राणीने पारणे फेडले आणि कथेचे काम संपले. कोरणाऱ्यांचे काम तेव्हा कुठे सुरू झाले असणार. लेण्याचे काम टप्प्याटप्प्याने आणि दीर्घकाळ चालले असे अभ्यासक मानतात. त्या काळात छिन्न्यांना धार लावणारे लोहार, डबर उपसणारे मजूर यांना कथेत जागा नाही. एकट्या कोकासाने सारी जागा व्यापली आहे.

कारागिराचे कौतुक करताना त्याची मेहनत पुसून टाकण्याची ही खोड जुनी आहे. इ. स. ८१२-१३ च्या सुमाराचा राष्ट्रकूट कर्कराजाचा बडोदे ताम्रपट हे तिचे उत्तम उदाहरण. त्यात वेरूळच्या देवळाचे जे वर्णन आहे ते याच कैलासाचे, असे रामकृष्ण गोपाळ भांडारकरांनी दाखवले. विमानांतून जाणारे देव ते पाहून थक्क होतात आणि हे स्वयंभूच असले पाहिजे, असे म्हणतात. खुद्द शिल्पीही विस्मित होतो. हे आपल्या हातून कसे घडले ते त्यालाच उमजत नाही. कल्पना मनोहर आहे, यात वाद नाही. मात्र राजाश्रयाच्या त्या कवीने शिल्प्याकडून त्याचे ज्ञानच काढून घेतले आहे. आपण काय केले हे ज्याला ठाऊक नाही, त्याला नाव तरी कशाला? ताम्रपटात ते नाहीच. त्यापुढे मराठी कथेतला कोकास आम्हांस अधिक खरा वाटतो. तो विस्मित होत नाही, हिशेब करतो.

कोकास हे नाव मात्र याहून पुष्कळ जुने आहे. संघदासगणीच्या ‘वसुदेवहिंडी’ या प्राकृत ग्रंथात कोक्कास हा यवनांकडून विद्या शिकलेला सुतार आहे. दुष्काळात तो लाकडी यांत्रिक कबुतरे करून राजाच्या कोठारातला तांदूळ पळवतो. पुढे राजासाठी आकाशयान करतो. तिथेही राणी हट्ट धरते. यान दोघांचाच भार पेलेल, असे तो बजावतो; तिघे बसतात आणि यान कोसळते. दोन ग्रंथांत शतकांचे अंतर आहे, एकात लाकूड आहे आणि दुसऱ्यात पाषाण. पण माणूस ओळखीचा वाटतो. सामग्री काय सोसेल आणि काय सोसणार नाही, हे जाणणारा. पहिल्या कथेत राणीने त्याचे ऐकले नाही, दुसरीत त्याने राणीचा हट्ट सामग्रीच्या नियमात बसवला. दोन्हींना चमत्कारकथा म्हणून बाजूला सारणे आम्हांस पटत नाही.

यापुढचा भाग कथेबाहेरचा आहे. अकराव्या ते तेराव्या शतकांतील मध्य भारतातल्या काही शिलालेखांत सूत्रधार स्वतःला कोकासाच्या कुळात जन्मलेले म्हणवतात. म. के. ढवळीकरांनी या लेखांची सांगड मराठी कथेशी घालून कैलासाचा स्थपती कोकासच असावा, असे सुचवले. तो एक माणूस होता की नाही, या वादापेक्षा आम्हांला दुसरी गोष्ट मोलाची वाटते. दगड घडवणाऱ्या माणसांनी यंत्रकाराच्या कथेतले नाव आपले कुळनाम म्हणून मिरवले. रक्ताचे नाते असो वा नसो, कसबाचे नाते त्यांनी जाहीर केले.

याच्या अगदी उलट उदाहरण आमच्या माळव्यातच आहे. लाट देशातून दशपुरास, म्हणजे आजच्या मंदसोरला, येऊन स्थिरावलेल्या रेशीम विणकरांच्या श्रेणीने मालव संवत् ४९३ मध्ये सूर्यमंदिर उभारले, ५२९ मध्ये त्याची दुरुस्ती केली आणि वत्सभट्टीकडून प्रशस्ती रचून घेतली. तीत चमत्काराचा लवलेश नाही. काहींनी विणकाम सोडून धनुर्विद्या धरली, काही ज्योतिषात शिरले, काही कथा सांगू लागले, हेही वत्सभट्टी मोकळेपणाने सांगतो. मंदिर आपल्या धंद्याच्या पैशातून झाले, हे श्रेणी अभिमानाने नोंदवते. कारागिरांनी आपल्याविषयी कवीला काय लिहायला सांगावे, याचा हा नमुनाच. तरीही त्या साऱ्या लेखात एकाही विणकराचे नाव नाही. नाव आहे ते राजांचे आणि शेवटी वत्सभट्टीचे, ही रचना आपण प्रयत्नपूर्वक केली या उल्लेखासह.

वेरूळच्या दहाव्या लेण्याला लोक ‘विश्वकर्मा’ किंवा ‘सुताराची झोपडी’ म्हणतात. छताला लाकडी तुळयांसारख्या दगडी बरगड्या कोरल्या आहेत. सुतार मंडळी तिथे येत आणि आतल्या बुद्धमूर्तीला विश्वकर्मा मानून पुजत. मूर्ती कोणाची हे त्यांना कळले नसेल, पण बरगड्या कोणत्या हाताच्या आहेत ते त्यांनी अचूक ओळखले होते.