गाथासप्तशती आणि सातवाहनकालीन समाजाचा इतिहास : एक चिकित्सा

प्राचीन महाराष्ट्राच्या सामाजिक इतिहासावरील मराठी लेखनात हाल सातवाहनाच्या नावावर असलेल्या 'गाथासप्तशती'चा आधार घेतला नाही, असे क्वचितच आढळते. शेती, सण, वेशभूषा, स्त्रीजीवन, ग्रामव्यवस्था अशा प्रत्येक विषयासाठी तीतून दोन-चार गाथा काढून दाखविल्या जातात आणि त्यांवरून इसवी सनाच्या पहिल्या-दुसऱ्या शतकातील मराठी मुलखाचे चित्र रंगविले जाते. प्रस्तुत लेखात या वाचनपद्धतीची तपासणी केली आहे. गाथांचे काव्यमूल्य येथे वादाचा विषय नाही. त्यांच्याकडून इतिहासाने काय मागावे आणि काय मागू नये, एवढाच प्रश्न आहे.

या वाचनाला मराठीत भक्कम पाया मिळवून दिला तो स. आ. जोगळेकर यांच्या १९५६ मधील आवृत्तीने. जोगळेकरांच्या विस्तृत प्रस्तावनेचे ऋण मोठे आहे. गाथांतील वनस्पती, चालीरीती, आजही बोलीत टिकून असलेले शब्द यांचा शोध त्यांनी ज्या आस्थेने घेतला, तशी आस्था नंतरच्या अभ्यासकांत कमीच दिसते. तथापि त्यांच्या विवेचनात एक गृहीत सर्वत्र वावरते. गाथेत जे वर्णिले आहे ते कवीने पाहिलेले असून जेथे पाहिले तो महाराष्ट्रच होय, असे ते गृहीत आहे. पुढील लेखकांनी जोगळेकरांचा व्यासंग मागे ठेवून केवळ हे गृहीत तेवढे उचलले.

पहिली अडचण संहितेचीच आहे. आल्ब्रेख्त वेबर यांनी १८८१ मध्ये विविध पाठपरंपरा एकत्र करून जी आवृत्ती सिद्ध केली, तीत गाथांची एकूण संख्या ९६४ झाली. सर्व परंपरांत समान अशा गाथा मात्र सुमारे ४३० भरतात. म्हणजे ज्याला 'सातशे गाथांचा संग्रह' म्हटले जाते, त्याचा निर्विवाद गाभा निम्म्याहून थोडा अधिक आहे. काही हस्तलिखितांत व टीकांत गाथांपुढे कवींची नावे येतात. त्यांत प्रवरसेन आणि वाक्पतिराज ही नावे आहेत. ही नावे 'सेतुबंध' व 'गउडवहो' यांच्या कर्त्यांची मानली, तर संग्रहात पाचव्या आणि आठव्या शतकांतील रचनाही शिरल्या असे म्हणावे लागते. वा. वि. मिराशी यांनी मूळ संग्रह प्राचीन, पण भर शतकानुशतके पडत गेली, असा जो निष्कर्ष काढला तो याच जातीच्या पुराव्यांवर. देवदत्त भांडारकरांनी तर राधेचा आणि मंगळवाराचा उल्लेख पाहून संग्रहच उत्तरकालीन ठरविला होता. बाणभट्ट 'हर्षचरिता'त सातवाहनाच्या सुभाषितकोशाचा गौरव करतो, म्हणून सातव्या शतकापर्यंत हे श्रेय रूढ झाले होते एवढे निश्चित. परंतु बाणाने पाहिलेला कोश आणि आज हाती असलेली पोथी एकच, असे त्यावरून सिद्ध होत नाही.

दुसरी अडचण भाषेची आहे. नाणेघाटातील नागनिकेचा लेख किंवा नाशिकचा गौतमी बलश्रीचा लेख हे सातवाहनांचे प्रत्यक्ष शब्द आहेत. त्यांतील प्राकृतात स्वरांमधील व्यंजने बहुतांशी टिकून आहेत. गाथांच्या महाराष्ट्री प्राकृतात ती सर्रास गळतात. 'प्राकृत' हा शब्दच तेथे 'पाउअ' होतो. हा भेद काळाचा की लेखनशैलीचा, यावर मतभेद आहेत. हर्मन टीकेन यांनी त्याला काळाचा पुरावा मानून संग्रह बराच पुढे ओढला. अँड्र्यू ऑलेट यांनी २०१७ मधील ग्रंथात महाराष्ट्री ही आरंभापासूनच दरबारात घडविलेली काव्यभाषा होती, असे प्रतिपादन केले. दोन्ही मते एकाच वेळी खरी असू शकत नाहीत, पण दोहोंनीही एक लोकप्रिय समजूत मोडीत निघते. गाथांतील भाषा म्हणजे शेताच्या बांधावर ऐकू येणारी बोली नव्हे.

आता प्रत्यक्ष गाथांकडे वळता येईल. आनंदवर्धनाने नवव्या शतकात 'ध्वन्यालोका'त उदाहरण म्हणून घेतल्यामुळे एक गाथा सर्वपरिचित झाली आहे. एक स्त्री एका धार्मिक गृहस्थाला सांगते की, आता निर्धास्त हिंडा; तुम्हांला त्रास देणारे ते कुत्रे आज मारले गेले. गोदावरीच्या काठच्या कुंजात राहणाऱ्या माजलेल्या सिंहाने त्याला मारले. वाच्यार्थ निमंत्रणाचा आणि व्यंग्यार्थ निषेधाचा. कुंज हे तिचे संकेतस्थळ आहे आणि फुले वेचायला येणारा हा सज्जन तेथे फिरकू नये, एवढाच तिचा हेतू. या गाथेवरून गोदाकाठी सिंह होते असे विधान करणारा इतिहासकार त्या बिचाऱ्या धार्मिकाइतकाच फसला, असे म्हणावे लागते. आशियाई सिंहाचा ऐतिहासिक वावर सामान्यतः नर्मदेच्या उत्तरेसच मानला जातो. पण तो दक्षिणेत असता तरी या गाथेतील सिंह खोटाच राहिला असता.

मग गाथेत इतिहास नाहीच काय? आहे, पण तो विधानात नसून विनोद समजण्यासाठी श्रोत्याला जे आधीच ठाऊक असावे लागते त्यात आहे. नदीकाठी फुले वेचणारा भाविक, त्याच्या मागे लागणारे कुत्रे, 'गोला' म्हणताच डोळ्यांपुढे येणारी गोदावरी या गोष्टी कवी समजावून सांगत नाही. त्याला त्यांची गरजच वाटत नाही.

माघातील पामराची गाथा या दृष्टीने अधिक बोलकी आहे. ऐन थंडीत तो आपले पांघरूण देऊन बैल घेतो. पत्नीच्या वक्षाची ऊब, धूर नसलेल्या तुसाच्या विस्तवासारखी, त्याला पुरेशी वाटते. मराठी वाचक येथे कुणब्याच्या संसाराचा गोडवा पाहतो. टीकेन आणि पीटर खोरोश यांच्या २००९ च्या भाषांतरामागील भूमिका वेगळी आहे. नागर रसिक गावंढळाला हसतो आहे, असे त्यांना वाटते. 'पामर' या शब्दाची पुढील वाटचाल पाहता हे मत झटकून टाकता येत नाही. तरीही ते अपुरे वाटते, कारण हसणाऱ्यालाही माघाची थंडी, तुसाचा विस्तव आणि बैलाची निकड नेमकी ठाऊक आहे. हे ज्ञान नगरात बसून केवळ कल्पनेने येत नाही. 'बइल्ल' हा शब्द 'बैल' म्हणून आजही मराठीच्या तोंडी आहे, हा योगायोगही दुर्लक्षिण्याजोगा नाही. मात्र एका पांघरुणाला एक बैल मिळे, असा त्यावरून दर काढणे हास्यास्पद ठरेल.

स्त्रीजीवनाच्या बाबतीत सर्वाधिक गोंधळ टीकाकारांमुळे झाला आहे. भुवनपाल, गंगाधर, पीतांबर हे सर्व अनेक शतकांनंतरचे. गाथा कोणी कोणाला म्हटली हे ते सांगतात, आणि अनेकदा प्रत्येकाचे सांगणे निराळे असते. साध्या ऋतुवर्णनातही त्यांना दूतीचा संकेत ऐकू येतो. या चौकटीवरून तत्कालीन समाजात व्यभिचार बोकाळला होता असे लिहिणारे लेखक सातवाहनकाळ वाचत नाहीत, मध्ययुगीन अलंकारशास्त्र वाचतात. रेवा, माधवी, अनुलक्ष्मी अशा कवयित्रींची नावे परंपरेने जपली, ही मोलाची गोष्ट आहे. पण गाथा स्त्रीच्या तोंडी आहे म्हणून ती स्त्रीची रचना, हे अनुमान टिकत नाही.

लेखांशी तुलना केली की गाथांचे मौनही दिसू लागते. नाशिकच्या लेण्यात क्षहरात नहपानाचा जावई उषवदात ३००० कार्षापणांची ठेव कोष्ट्यांच्या दोन श्रेणींकडे ठेवतो. २००० वर दरमहा शेकडा एक आणि १००० वर पाऊण असा व्याजाचा दरही तेथे कोरलेला आहे. गाथांच्या गावात श्रेणी नाही, ठेव नाही, व्याज नाही. ज्या सह्याद्रीत त्या काळी विहारांमागून विहार कोरले जात होते, तेथील बौद्ध जीवनाची खूण म्हणून जमिनीवर पडलेल्या पळसफुलांना बुद्धचरणी लवलेल्या भिक्षुसंघाची उपमा देणारी गाथा सापडते, तीही उपमेपुरती. दूर गेलेला पथिक मात्र पानोपानी आहे. तो कोणता माल घेऊन कोणत्या घाटाने गेला, हे कोणी विचारत नाही. घरी राहिलेलीचे दिवस मोजणे हाच या काव्याचा विषय आहे. नाणेघाटातून जुन्नरहून कोकणातील बंदरांकडे जाणाऱ्या तांड्यांशी या पथिकाचा संबंध जोडणे मोहक असले, तरी गाथा त्याला दुजोरा देत नाही.

मराठीच्या अभिजात दर्जासाठी रंगनाथ पठारे समितीने जी मांडणी केली, तीत गाथासप्तशतीला मानाचे स्थान होते. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्रीय मंत्रिमंडळाने तो दर्जा मान्य केला. वकिली करताना साक्षीदाराची उलटतपासणी आपणच करायची नसते, हे समजण्यासारखे आहे. आता खटला संपला आहे. तरीही महाविद्यालयीन अध्यापनात गाथा अद्याप वकिलाच्या हातातील कागदासारखीच वापरली जाते. विद्यार्थ्याला ती पहिल्या शतकाची म्हणून दिली जाते. ती समान ४३० गाथांपैकी आहे की एखाद्याच परंपरेत आढळते, तिचा वक्ता संहितेत आहे की टीकाकाराने पुरविला आहे, हे सांगितले जात नाही. ही माहिती प्रत्येक गाथेखाली दोन ओळींत देणारी मराठी आवृत्ती तयार होणे, हे प्राकृत आणि इतिहास या दोन्ही विभागांनी मिळून करण्याचे काम आहे. त्याचा आरंभ बैलाच्या आणि सिंहाच्या गाथांपासून करावयास हरकत नाही.