पडण्याआधीचा क्षण : बर्फावरचा सोंगाड्या फ्रिक

बर्फावरील स्केटिंगचा इतिहास बहुधा पदकांच्या हिशेबाने लिहिला जातो. सोन्या हेनी १९३६ नंतर व्यावसायिक झाली, चित्रपटांत गाजली, तरी तिची ओळख करून देताना आधी तीन ऑलिंपिक सुवर्णपदकेच मोजतात. ज्यांनी सगळी हयात फिरत्या ‘आइस शो’मध्ये काढली, त्यांच्या वाट्याला तळटीप येते. सोंगाड्याच्या वाट्याला तर तीही क्वचितच. तमाशाच्या अभ्यासात आपणही शाहिराला आधी पाट देतो, म्हणून हा पक्षपात मला ओळखीचा वाटला.

वेर्नर ग्रोब्ली (१९१५–२००८) हा बाझलचा. जोडीदार हान्स माउख. एकाने ‘फ्रिक’ हे स्वित्झर्लंडमधल्या एका खेड्याचे नाव घेतले, दुसऱ्याने ‘फ्रॅक’, म्हणजे अंगातला लांब कोट. १९३९ पासून ही जोडी अमेरिकेतल्या ‘आइस फॉलीज’मध्ये होती. ‘सिल्व्हर स्केट्स’ (१९४३) आणि ‘लेडी, लेट्स डान्स’ (१९४४) या चित्रपटांतही ती आहे. हे चित्रपट कथेसाठी पाहू नयेत.

पाहावी ती फ्रिकची एक मुद्रा. टाचा एकमेकींकडे, चवडे बाहेर, गुडघे खोल वाकलेले आणि धड मागे झुकत झुकत बर्फाला जवळजवळ समांतर. पाठीखाली काही नाही. गुडघे पुढे जातात तेवढे धड मागे जाते, वजन पात्यांवरच राहते, आणि माणूस वेगात घसरत असतो. आता ही करामत स्पर्धांतही दिसते, पण तिथे ती सुंदर असते. फ्रिककडे ती हास्यास्पद आहे, आणि माझ्या मते तेच अधिक अवघड. पडणारा विदूषक सगळीकडे असतो. हा पडत नाही. पडण्याआधीचा क्षण तो ताणत नेतो, आणि आपले हसू त्या ताणात अडकून राहते. दादू इंदुरीकरांचा सावळ्या कुंभार ज्यांनी पाहिला, त्यांना अशा थांबण्याची किंमत वेगळी सांगायला नको.

अमेरिकन बोलीत ‘फ्रिक अँड फ्रॅक’ म्हणजे न तुटणारी जोडगोळी. प्रत्यक्षात ती तुटली. हाडांच्या दुखण्यामुळे १९५०च्या दशकाच्या पूर्वार्धात माउख यांना बर्फ सोडावा लागला. ग्रोब्ली मात्र १९८० पर्यंत, पाव शतकाहून अधिक काळ, ‘मिस्टर फ्रिक’ म्हणून एकटेच उतरत राहिले. जोडीच्या विनोदात एक चुकतो, दुसरा सावरतो. एकट्याला दोन्ही कामे एकाच देहाने करावी लागतात. मागे झुकलेले धड चुकते आहे, पाती सावरताहेत. म्हणून त्यांच्या कारकिर्दीचा हा उत्तरार्ध मला अधिक मोलाचा वाटतो, भाषेने मात्र पूर्वार्धच जपला.

१९८४ साली जागतिक फिगर स्केटिंग हॉल ऑफ फेममध्ये दोघांची नावे एकत्रच गेली. माउख यांना जाऊन तेव्हा पाच वर्षे झाली होती.