कात्री आणि अन्वय

चित्रपटाच्या अखंडित आवृत्तीची ओढ निषिद्धाविषयीच्या कुतूहलातून उपजते, असा सर्वसाधारण समज आहे. सेन्सॉरने जे वगळले ते अधिक उघडे, अधिक उत्तेजक असणारच, अशी ही धारणा. ख्वाजा अहमद अब्बास यांच्या ‘चार शहर, एक कहानी’ (१९६८) या अनुबोधपटाचे प्रकरण तिच्या मर्यादा स्पष्ट करते.

कलकत्ता, मुंबई, मद्रास व दिल्ली या नगरांतील वैभव आणि दैन्य या कृष्णधवल कृतीत समोरासमोर ठेवलेले आहे. तिच्यात निवेदन नाही. श्रमिकांचे एक गीत व पार्श्वध्वनी यांखेरीज शब्दांचा आधार नाही. अर्थात् दृश्यांचा क्रम हीच तिची भाषा होय. मंडळाने तिला केवळ प्रौढांसाठी प्रमाणपत्र दिले. अब्बास यांनी दाद मागितल्यावर, काही भाग वगळल्यास ती सर्वांसाठी खुली करण्याची तयारी शासनाने दर्शविली. मुंबईतील वेश्यावस्तीचे दृश्य आखूड करावयाचे होते. विशेषतः स्त्रीने खिडकी लावून घेणे, उघडे गुडघे आणि नोटेची देवघेव हे तुकडे गाळावयाचे होते.

या यादीत कलादृष्ट्या लक्षणीय काय आहे? खिडकी लावून घेणे हा तर कलावंताने स्वतःच पाळलेला संयम. नोटेत अश्लील काही नाही. परंतु देहाचा व्यवहार हा दारिद्र्याचा व्यवहार आहे, हे तीच सांगते. ती वगळली की उरते निव्वळ वेश्यावस्तीचे दर्शन. म्हणजे सभ्यतेच्या नावाने काढावयाचा होता तो अर्थ, आणि राहणार होते तेच ज्याविषयी सभ्यतेला संकोच वाटावा.

सर्वोच्च न्यायालयात खटला चालू असताना शासनाने काटछाट न करता प्रमाणपत्र देण्याचे मान्य केले. तथापि अब्बास यांनी मूळ प्रश्न सोडला नाही. १९७० च्या निर्णयात सरन्यायाधीश हिदायतुल्ला यांनी पूर्वपरीक्षण वैध ठरविले. मात्र कामविषयक चित्रण आणि अश्लीलता ही नेहमीच एक नव्हेत, व कसोट्यांत कलेला अवकाश हवा, असेही बजावले. चित्रपट अखंड राहिला. कात्रीही कायम राहिली.

यातून समीक्षेस एक निकष लाभतो. वगळलेला तुकडा परत आल्याने केवळ दृश्य वाढत असेल, तर अखंडित आवृत्तीचा आग्रह कुतूहलापुरताच उरतो. अन्वय पुन्हा जुळत असेल, तर मात्र तो आग्रह वाङ्मयातील शुद्ध पाठाच्या आग्रहाइतकाच गंभीर मानावा लागेल.