अर्धे सत्य, पुरते व्याज

बँकेतल्या कारकुनाला पोलिसी चित्रपट दाखवू नये. बाकीचे लोक गुन्हेगार कोण ते शोधतात, आम्ही नोंद कुठे चुकली ते शोधत बसतो. बी. कॉम.ला शिकलेले एकच तत्त्व आयुष्यभर पुरले आहे : जिथे जमा आहे तिथे नावेही असणारच. त्या तत्त्वावर पारखायचे, तर १९८३ सालच्या 'अर्धसत्य'इतका हिशेबी चित्रपट दुसरा नाही.

श्री. दा. पानवलकरांची 'सूर्य' ही कथा, विजय तेंडुलकरांची पटकथा, गोविंद निहलानींचे दिग्दर्शन. सब-इन्स्पेक्टर अनंत वेलणकर, म्हणजे ओम पुरी, हा सरळ माणूस. खात्यात शिल्लक भरपूर. पण एका आमदाराच्या माणसांना ठोकल्यावर निलंबनाची पाळी येते आणि हैदर अली त्याला दिल्लीपर्यंत हात पोचलेल्या मध्यस्थाची वाट दाखवतो. काम होते. पाकीट नाही, सही नाही, पावती नाही. वाचकहो, विनातारण कर्ज ते हेच, आणि त्याच्याइतके महाग कर्ज जगात नाही!

पुढे व्याज चढत जाते. दरोडेखोर पकडतो हा, शाबासकी दुसऱ्याला. मग दारू. मग रेडिओ चोरल्याच्या आरोपावरून कोठडीत आणलेल्या एका फाटक्या माणसाला तो इतका मारतो की तो माणूस मरतो. आता वाचवू शकेल असा एकच, रामा शेट्टी. सदाशिव अमरापूरकर या भूमिकेत आवाज चढवत नाहीत. कशाला चढवतील? थकबाकीदार आपल्या पायांनी दारात आल्यावर सावकार कधी ओरडला आहे?

इंग्रजांचा 'लाइन ऑफ ड्यूटी' बीबीसीवर २०१२ साली आला. त्यात टोनी गेट्स या नावाजलेल्या अधिकाऱ्याच्या मागे चौकशी लागते ती फुकटच्या न्याहारीवरून! हा नियम बदलापूर स्टेशनापासून आमच्या कात्रपपर्यंत लावला, तर निम्म्या वडापावच्या गाड्या साक्षीलाच जातील. पण गंमत पुढे आहे. मैत्रीण म्हणते, गाडीखाली कुत्रं आलं. हा तिच्यासाठी गाडी चोरीला गेल्याची नोंद घालतो आणि कुत्र्याच्या जागी माणूस निघतो. एक खोटी नोंद झाकायला दुसरी, दुसरीला तिसरी. आमच्याकडे ऑडिटर येईपर्यंत हेच चालते.

दोघांत वेलणकर मला मोठा वाटतो. गेट्स नोंदी झाकत जातो. वेलणकर रामा शेट्टीचा गळा आवळतो आणि स्वतःहून पोलिसांत हजर होतो. म्हणजे खातेवही उघडी करून टेबलावर ठेवतो. प्रेक्षक इथे टाळ्या वाजवतात.

माझा ताळेबंद मात्र इथेच जुळत नाही. रामा शेट्टीचा हिशेब मिटला; त्या रेडिओवाल्याचा? त्याला मारले ते रामाने नव्हे, आपल्या लाडक्या नायकाने. रामाचा खून ही त्या मरणाची भरपाई नव्हे, तो नुसताच दुसरा खून. तरी चित्रपटगृहाबाहेर चर्चा चालते ती रामाची आणि वेलणकराची. त्या माणसाचे नाव काय होते, घरी त्याची कोण वाट बघत होते, हे कुणी विचारत नाही. रोजकीर्दीत त्याची एकच ओळ, तीही खोडलेली.

चित्रपटाचे नाव म्हणूनच मला चपखल वाटते. अर्धे सत्य पडद्यावर पूर्ण होते. उरलेले अर्धे आपल्या टाळ्यांत आहे, आणि त्या वाजवताना आपण कुणाच्या नावे काय टाकले ते एकदा पाहायला हवे.