तांड्यावरचा नंगारा आणि सिनेमाचा ठेका

होळीच्या दिवसांत दिग्रस-पुसदकडच्या एखाद्या बंजारा तांड्यावर रात्री थांबून बघा. डफ-नंगाऱ्यावर लेंगी सुरू होते. एक जण ओळ टाकतो, घोळका ती उचलतो, आणि लय चढत जाते. किती चढायचं ते नाचणाऱ्यांचे पाय ठरवतात. तिकडे झरी-जामणी, केळापूरच्या कोलाम पोडांवर ढोल घुमतो आणि ढेमशाचा फेर धरला जातो. यवतमाळचा हा आवाज मी मराठी सिनेमात कितीतरी वर्षं शोधतो आहे.

सिनेमाने लोकसंगीताकडे पाठ फिरवली, असं मात्र नाही. 'सांगत्ये ऐका'मध्ये (१९५९) वसंत पवारांनी आणि 'पिंजरा'त (१९७२) राम कदमांनी ढोलकीला पडद्यावर मान मिळवून दिला. पण पुढे लोकसंगीत म्हणजे लावणी, असं समीकरणच होऊन बसलं. ते 'जैत रे जैत'ने (१९७७) मोडलं. ना. धों. महानोरांचे शब्द आणि हृदयनाथ मंगेशकरांच्या चाली यांतूनच त्या ठाकरांची गोष्ट पुढे सरकते. तिथे गाणं काढलं तर सिनेमाच उरत नाही. माझ्या मते आजही ती उंची कुणी गाठलेली नाही.

अजय-अतुल तिच्या जवळ गेले ते 'जोगवा'त. त्या संगीताला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तो रास्तच होता. यल्लम्माच्या जोगत्यांचं चौंडकं तिथे शोभेसाठी येत नाही, त्या माणसांचं जगणंच घेऊन येतं. 'सैराट'साठी (२०१६) त्यांनी थेट हॉलिवूडमध्ये व्हायोलिनांचा ताफा ध्वनिमुद्रित केला. गावातल्या पोराचं सिनेमानेच पेरलेलं स्वप्न त्या सुरांतून फुगत जातं, म्हणून ते मला खरं वाटतं. त्यांच्या मागून आलेल्यांनी मात्र फक्त दणका उचलला. संगणकातली हलगी प्रत्येक ठोक्याला सारखीच वाजते. खऱ्या हलगीचं चामडं थंडावलं की आवाज उतरतो, आणि वादक ती पुन्हा जाळावर शेकतो.

आर्मेनियाच्या दुदुकचंही असंच झालं. जर्दाळूच्या लाकडाचं हे वाद्य सहसा जोडीने वाजतं; एक वादक चाल वाजवतो, दुसरा एकच सूर धरून बसतो. 'ग्लॅडिएटर'मध्ये (२०००) जिवान गास्पारियान यांनी ते वाजवलं आणि जग हेलावलं. त्यानंतर मात्र वाळवंट आणि दुःख दिसलं की दुदुक, अशी सवयच लागली.

यवतमाळच्या वाट्याला तेवढंही आलं नाही. आत्महत्यांचा जिल्हा म्हणून कॅमेरे आले. सतीश मन्वरांच्या 'गाभ्रीचा पाऊस'सारख्या (२००९) सिनेमातून वऱ्हाडी बोली पडद्यावर ऐकू आली, ही मोठीच गोष्ट. पण गोरबोलीतली लेंगी, कोलामी-गोंडी गाणी, परधानांची किंगरी अजून वेशीबाहेरच आहेत. स्टुडिओत बोलावून, कानात ठोके सोडून लेंगी गाऊन घेतली तर तिचं चढणंच हरवेल. संगीतकारानेच होळीच्या रात्री माइक घेऊन तांड्यावर यावं, आणि परत जाताना गाणाऱ्यांची नावं श्रेयनामावलीसाठी लिहून न्यावीत.